दोन दिवस आधी, सात दिवस नंतर

पहिल्या वेळी डॉक्टर इनेझांनी मला परत पाठवलं.
यंत्राखाली आडवा होणार, तेवढ्यात त्या वाकल्या,
नाकानं एकदाच श्वास आत ओढला,
म्हणाल्या, "मालखाझ, सकाळी किती?"
"एकच. धीर यावा म्हणून."
"धीर मला लागतो, तुम्हाला नाही.
तुमचा डोळा ओला लागतो, दारूनं तो सुकतो.
दोन दिवस आधी बंद, सात दिवस नंतर बंद.
उठा. तारीख बाहेर मिळेल."

त्बिलिसीहून तेलावीपर्यंत मिनीबसमध्ये
चष्मा पुसत राहिलो.
अकराव्या वर्षापासून नाकावर बसलेलं हे ओझं.
जमिनीत पुरलेल्या रांजणाचं झाकण उचललं
की आतला श्वास काचांवर येऊन बसायचा,
आणि बाबा हसायचे,
"अरे, वाइन तुला बघतेय, तू तिला कुठं बघतोस?"
त्यांना कधी चष्मा लागला नाही.
पेला खिडकीशी धरून ते सांगायचे
कुठल्या उतारावरची द्राक्षं, आणि पाऊस किती लवकर आला.

नवी तारीख मिळाली ती
बाबांच्या चाळिसाव्याच्या चार दिवस आधीची.
रद्द करीन म्हणालो. आई म्हणाली, "जा."

या वेळी पोटात चहा आणि पाव, बाकी काही नाही.
हात थरथरायला लागले तसा
नर्सनं एक कापडी ससा दिला, मुकाट धरला.
बेचाळीस वर्षांचा बाप्या, मिशीवाला.
लाल ठिपक्याकडे बघा, म्हणाल्या.
ठिपका पसरला, विरला, परत आला,
आणि नववर्षाच्या आदल्या दिवशी
अंगणात डुकराचे केस जाळतात, तसा वास आला.
तो माझाच होता.

चाळिसाव्याला टेबल अंगणातल्या वेलीखाली.
जुंबेरकाका उभे राहिले, गेलेल्याच्या नावानं पेला उचलला.
अशा वेळी पेल्याला पेला लावत नाहीत.
माझ्यापुढं हिरवं सरबत, डोळ्यांवर काळा चष्मा.
"बापाच्या नावानं सरबत!" कुणीतरी पुटपुटलं.
मी पावाच्या तुकड्यावर वाइनचे चार थेंब सोडले,
मेलेल्यांसाठी सोडतात तसे,
तेवढं तर चालत असेल.

दर तासाला मान मागं टाकायची,
बाटलीतला थेंब डाव्या डोळ्यात, मग उजव्या.
पलीकडच्या म्हाताऱ्या पदराआड हळहळल्या,
"पोरगा बघा कसा रडतोय."
कोरडा ठणठणीत होतो मी.
ते दुकानातलं पाणी होतं, अठरा लारीचं.

आणि सगळं इतकं स्वच्छ दिसत होतं
की त्रास व्हायला लागला.
पत्र्यावरचा गंज. काकांच्या कॉलरचा उसवलेला टाका.
आईच्या बोटांवरची कातडी.
तिच्या हाताशी दोन सुरया.
एकीतलं सापेरावी शाईसारखं, काळं.
दुसरीतलं कडेला फिकं, गुलाबी,
पाणी घातलं की होतं तसं.
ही दुसरी सुरई रोज बाबांच्या खुर्चीजवळ असायची.
आजही तिनं ती तिथंच ठेवली होती,
सवयीनं.

रात्री भांडी विसळताना विचारलं, "कधीपासून?"
"यकृत सुजलं तेव्हापासून. नऊ वर्षं."
"आणि त्यांना कळलं नाही?"
आईनं पेला उलटा घातला.
"वाइनच्या बाबतीत? त्यांना?"
मग बराच वेळ नळ चालू होता.

आठव्या दिवशी तिनंच ओतली,
माझ्यापुढं ठेवली, आणि चुलीकडं वळली.
मी पेला खिडकीशी धरला.
कडेला रंग जरा फिका वाटला.
किंवा डोळा अजून कोरडा असेल,
डॉक्टर म्हणाल्याच होत्या,
महिनाभर पूर्ण भरवसा ठेवू नका.